हक्क मान्य, झोपडी मात्र पाडा: ओल्गा टेलिस निकाल आणि त्यानंतरचं राजकारण

रानवाट (धागाकर्ता)

१० जुलै १९८५ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने मुंबईच्या फुटपाथवर राहणाऱ्यांच्या याचिकांवर निकाल दिला. कायद्याच्या प्रत्येक विद्यार्थ्याला तो 'ओल्गा टेलिस' या नावाने पाठ असतो. कलम २१ मधल्या जगण्याच्या हक्कात उपजीविकेचा हक्क येतो, असं त्यात स्वच्छ म्हटलं आहे. परीक्षेच्या उत्तरात साधारण एवढंच लिहिलं जातं. याचिका करणाऱ्या माणसांचं पुढे काय झालं, हे फार थोड्यांना माहीत असतं.

थोडी पार्श्वभूमी. जुलै १९८१ मध्ये, भर पावसाळ्यात, तेव्हाचे मुख्यमंत्री अ. र. अंतुले यांनी जाहीर केलं की फुटपाथवासीयांना हटवून त्यांच्या मूळ गावी किंवा शहराबाहेर पाठवलं जाईल. मुंबई महापालिका कायदा १८८८ चा. त्याच्या कलम ३१४ नुसार रस्त्यावरचं अतिक्रमण आयुक्त नोटीस न देता काढू शकतात. त्या जोरावर झोपड्या पाडायला सुरुवात झाली. त्याविरुद्ध फुटपाथवर राहणारे स्वतः, पत्रकार ओल्गा टेलिस आणि नागरी हक्कांसाठी काम करणारे लोक न्यायालयात गेले.

निकालातला तर्क आजही वाचताना अंगावर येतो. ही माणसं शहरात हौसेने आलेली नाहीत. गावात काम नाही, काम शहरात आहे, आणि कामापासून लांब राहणं त्यांना परवडत नाही. म्हणजे झोपडी गेली की काम जातं आणि काम गेलं की जगणं जातं. सरन्यायाधीश य. वि. चंद्रचूड यांनी कलम ३९(अ) आणि ४१ ही मार्गदर्शक तत्त्वं आणून कलम २१ ला जोडली आणि उपजीविका जगण्याच्या आत घेतली.

पण त्याच निकालाच्या शेवटी काय आहे? कलम ३१४ वैध ठरलं. फुटपाथ चालण्यासाठी आहे, तिथे घर बांधायचा हक्क कुणालाही नाही, असंही ठरलं. नोटीस आणि म्हणणं मांडायची संधी साधारणपणे दिलीच पाहिजे, असं न्यायालय म्हणालं. पण इथे आम्हीच सविस्तर ऐकून घेतलं आहे, तेव्हा पुन्हा सुनावणीची गरज नाही, असंही म्हणालं. ३१ ऑक्टोबर १९८५ पर्यंत, म्हणजे पावसाळा सरेपर्यंत, हात लावू नका. १९७६ च्या झोपडपट्टी गणनेची ओळखपत्रं ज्यांना मिळाली होती त्यांना पर्यायी जागा द्या. वीस वर्षांहून जुन्या आणि सुधारलेल्या वस्त्या सार्वजनिक कामाची गरज असल्याशिवाय काढू नका, आणि काढल्या तर पर्याय द्या. बाकीच्यांना मुदतीनंतर हटवायला हरकत नव्हती.

माझं म्हणणं असं. त्या दिवशी हक्क तत्त्व म्हणून मान्य झाला आणि तो कुणाला, कधी, किती मिळणार हे ठरवायचं काम राजकारणाकडे गेलं. राजकारणाने त्या हक्काची तारीख करून टाकली: झोपडी अमुक तारखेच्या आधीची असेल तरच पर्यायी घर. १९७६, मग १९८५, मग १ जानेवारी १९९५, मग १ जानेवारी २०००, आणि पुढे, घरासाठी पैसे भरायचे असतील तर, २०११. तारखेच्या आधीचे असलात तर तुम्ही 'पात्र'. नंतरचे असलात तर तुमच्या बाबतीत कलम २१ जणू लिहिलेलंच नाही. हक्क माणसाला असतो, कागदाला नसतो, एवढी साधी गोष्ट आपल्या शहरांत अजून रुजलेली नाही, आणि याचा मला मनापासून राग येतो.

तुम्हाला काय वाटतं? घटनेतल्या हक्काने राजकारण बदललं, की राजकारणाने हक्क आपल्या सोयीचा करून घेतला?

---

काळाकोट

लेख आवडला. मात्र निकालाचं मोल तुम्ही कमी लावताय असं मला वाटतं.

१९८५ च्या आधी पालिकेचं पथक यायचं, सामान गाडीत टाकायचं आणि जायचं. कागद नाही, तारीख नाही, कुणाच्या सहीने हे चाललंय ते कळायचं नाही. निकालाने कलम ३१४ रद्द केलं नाही हे खरं, पण त्याचा अर्थ बदलला. नोटीस न देण्याचा अधिकार म्हणजे नोटीस न देण्याची सक्ती नव्हे; तो अधिकार अपवाद म्हणून, कारण दाखवून वापरायचा. तोडक कारवाईला उच्च न्यायालयात जेव्हा अंतरिम स्थगिती मिळते, तेव्हा युक्तिवादाच्या मुळाशी बहुतेक वेळा हाच परिच्छेद असतो.

अजून एक मुद्दा, जो वर्गात शिकवताना सुटतो. याचिकाकर्त्यांनी आधी उच्च न्यायालयात मान्य केलं होतं की फुटपाथवर झोपडी बांधायचा मूलभूत हक्क आम्हाला आहे असा आमचा दावा नाही. सर्वोच्च न्यायालयात प्रतिपक्षाने तेच पुढे केलं: एकदा कबूल केलंत, आता मागे फिरता येणार नाही. घटनापीठाने ते फेटाळलं. मूलभूत हक्क ही फक्त त्या माणसाची खाजगी मालमत्ता नाही, ती सगळ्या समाजासाठी घातलेली मर्यादा आहे. त्यामुळे कुणी तो सोडून दिला तरी तो सुटत नाही. गरिबाकडून कोऱ्या कागदावर अंगठा घेणं किती सोपं असतं हे ज्यांनी पाहिलंय त्यांना या एका परिच्छेदाची किंमत कळेल.

---

सह्यवारा

मी दुसरी बाजू मांडतो, कुणी वाईट वाटून घेऊ नये.

फुटपाथ कुणाचा? चालणाऱ्याचा. वयस्कर माणसाचा, अंध माणसाचा, शाळेत जाणाऱ्या पोराचा. त्यांच्या सुरक्षित चालण्यात जगण्याचा हक्क येत नाही का? भाडं भरून, कर्ज काढून लांबच्या उपनगरात राहणारा कामगार रोज लोकलला लटकून येतो. त्याचीही उपजीविका कामाच्या जागेशी बांधलेली आहे. त्याने नियम पाळला म्हणून त्याला काहीच नाही आणि ज्याने पाळला नाही त्याला फुकट घर, हे न्यायाचं कसं? आणि त्या तारखा पुढे जातात त्या कलम २१ मुळे नाही, निवडणुकांमुळे. १९९५ चं २००० करण्याचं आश्वासन २००४ च्या विधानसभा निवडणुकीत दिलं गेलं, हे सगळ्यांना आठवत असेल.

सर्वोच्च न्यायालयानेच २००० साली अलमित्रा पटेल प्रकरणात म्हटलं आहे की सार्वजनिक जागा बळकावणाऱ्याला बदल्यात मोफत जागा देणं म्हणजे खिसेकापूला बक्षीस देण्यासारखं आहे.

---

रानवाट

सह्यवारा, तुमचा पहिला मुद्दा मला मान्य आहे, आणि १९८५ च्या निकालालाही मान्य होता. फुटपाथ चालण्यासाठीच असावा. वाद त्यानंतर सुरू होतो: तिथून उठवलेला माणूस कुठे जाणार, आणि ते पाहण्याची जबाबदारी कुणाची.

लांबून लोकलने येणाऱ्या कामगाराला परवडणारं भाड्याचं घर मिळालं नाही, हा त्याच्यावरचा अन्यायच आहे. पण तो फुटपाथवरच्या माणसाने केलेला नाही. शहरात काम करणाऱ्यांसाठी शहरात घरं बांधली गेली नाहीत, म्हणून एक जण फुटपाथवर आला आणि दुसरा लांब उपनगरात गेला.

खिसेकापूच्या वाक्याबद्दल. ओल्गा टेलिसचा निकाल पाच न्यायमूर्तींचा, तो कुणी उलटवलेला नाही. 'अलमित्रा पटेल' त्याहून लहान पीठाचा, आणि विषय मुळात दिल्लीतल्या कचऱ्याचा. तरी पंधरा वर्षांत त्याच न्यायालयाचा सूर 'नाइलाजाने आलेली माणसं' इथपासून 'खिसेकापू' इथपर्यंत आला. कलम २१ मधलं एक अक्षर बदललं नव्हतं. बदलला होता काळ. उदारीकरणानंतर शहराकडे पाहण्याची नजर बदलली होती. न्यायालय राजकारणापासून लांब असतं असं आपण म्हणतो. पक्षांच्या राजकारणापासून असेलही. काळाच्या राजकारणापासून ते लांब नसतं.

---

मुक्ता_वाचते

छान चर्चा. मला वाटतं हक्क टिकतो की विरतो हे निकालावर ठरत नाही, निकाल हातात घेऊन कोण उभं राहतं त्यावर ठरतं.

शिक्षणाचं पाहा. १९९२ च्या मोहिनी जैन प्रकरणात विषय होता महाविद्यालयांच्या कॅपिटेशन फीचा. १९९३ च्या उन्नीकृष्णन निकालात चौदा वर्षांपर्यंतचं शिक्षण हा मूलभूत हक्क ठरला. मग शिक्षणाच्या क्षेत्रातल्या लोकांनी तो मुद्दा वर्षानुवर्षं लावून धरला, २००२ मध्ये ८६ व्या घटनादुरुस्तीने कलम २१-अ आलं, २००९ मध्ये कायदा झाला आणि १ एप्रिल २०१० पासून लागू झाला. अन्नाच्या हक्काचंही तसंच. २००१ ची याचिका, त्याच नोव्हेंबरमध्ये शाळांत शिजवलेलं माध्यान्ह भोजन देण्याचा अंतरिम आदेश, आणि २०१३ मध्ये अन्न सुरक्षा कायदा. मध्ये न्यायालयाने नेमलेले आयुक्त होते, राज्याराज्यांतून अहवाल मागवत होते. ज्या हक्कामागे कुणीतरी रोज हिशेब मागणारं असतं तो हक्क जमिनीवर उतरतो.

विशाखाचा निकाल ऑगस्ट १९९७ चा. कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्ध कायदा आला २०१३ मध्ये. मधली सोळा वर्षं ती मार्गदर्शक तत्त्वंच कायद्यासारखी बंधनकारक होती, पण किती कार्यालयांत समिती होती? संसदेला घाई नव्हती, कारण न्यायालयाने काहीतरी करून ठेवलं होतं. ही बाजूही विसरू नये. न्यायालय पुढे सरसावलं की कधीकधी लोकप्रतिनिधी निवांत होतात, आणि अवघड प्रश्नावर विधानसभेत उभं राहून भूमिका घ्यायची वेळच येत नाही.

---

जुनाजाणता

हे सगळं एकाच दिशेने चाललंय: न्यायालय हक्क देतं, राजकारण त्याला वळण देतं. उलट दिशाही सांगतो, कारण आपल्याकडे सुरुवातच तिथून झाली.

घटना लागू होऊन दीड वर्षही झालं नव्हतं, तेव्हा पहिली घटनादुरुस्ती आली. मद्रासमध्ये जातनिहाय प्रवेशाचा सरकारी आदेश चंपकम दोराईराजन प्रकरणात रद्द झाला. उत्तर म्हणून संसदेने मागासवर्गांसाठी खास तरतूद करू देणारं कलम १५(४) घातलं. मुंबईहून निघणाऱ्या 'क्रॉसरोड्स' या साप्ताहिकावर मद्रास सरकारने घातलेली बंदी रोमेश थापर प्रकरणात रद्द झाली. उत्तर म्हणून कलम १९(२) मध्ये 'सार्वजनिक सुव्यवस्था' आली. जमीनदारी निर्मूलनाचे कायदे अडू लागले. उत्तर म्हणून नववी अनुसूची आली, म्हणजे मूलभूत हक्कांच्या आधारे आव्हान देता येऊ नये अशा कायद्यांची यादी. एकाच दुरुस्तीत सामाजिक न्यायाचा दरवाजा उघडला आणि बोलण्याच्या स्वातंत्र्यावर नवा निर्बंधही आला. म्हणून 'संसद चांगली की न्यायालय चांगलं' या प्रश्नाला मला अर्थ वाटत नाही. प्रत्येक वेळी विचारायचं ते हे की कुणाचा हक्क वाढला आणि कुणाचा आकसला.

मग १९६७ चा गोलकनाथ निकाल, सहा विरुद्ध पाच: मूलभूत हक्कांना संसद हात लावू शकत नाही. त्यावर १९७१ ची चोविसावी दुरुस्ती: लावू शकते. त्यावर २४ एप्रिल १९७३ चा केशवानंद भारती निकाल, तेरा न्यायमूर्ती, सात विरुद्ध सहा: दुरुस्ती करा, पण घटनेचा मूलभूत ढाचा मोडू नका. आणि लगेच शेलाट, हेगडे आणि ग्रोव्हर या तीन ज्येष्ठ न्यायमूर्तींना डावलून अजितनाथ राय यांना सरन्यायाधीश केलं गेलं. निकाल राजकारणाला किती झोंबतो त्याचं हे उदाहरण.

आता ओल्गा टेलिसशी थेट जोडलेली गोष्ट. २८ एप्रिल १९७६ च्या एडीएम जबलपूर निकालात चार विरुद्ध एक असं ठरलं की आणीबाणीत बेकायदा अटकेविरुद्धही दाद मागता येणार नाही. त्या चारांत न्या. य. वि. चंद्रचूड होते. एकटे न्या. हंसराज खन्ना विरोधात गेले आणि १९७७ मध्ये त्यांना डावलून सरन्यायाधीशपद दुसऱ्याला दिलं गेलं. ज्या न्यायाधीशाने १९७६ मध्ये तुरुंगातल्या माणसासाठी कलम २१ मिटवून ठेवलं, त्यानेच १९८५ मध्ये, निवृत्तीच्या अगदी तोंडावर, फुटपाथवरच्या माणसासाठी ते इतकं मोठं उघडलं. पुढे २०१७ मध्ये, खाजगीपणाच्या हक्काच्या पुट्टस्वामी निकालात, जबलपूरचा निकाल चूक होता असं लिहिणाऱ्यांत त्यांचे पुत्र न्या. धनंजय चंद्रचूड होते.

१९७६ आणि १९८५ यांच्या मधे १९७७ ची निवडणूक आहे, हे लक्षात घ्या. लोकांनी सरकार बदललं. जानेवारी १९७८ मध्ये मनेका गांधी निकाल आला आणि कलम २१ मधली कार्यपद्धती न्याय्य, रास्त आणि वाजवी असली पाहिजे असं ठरलं. त्याच वर्षीच्या ४४ व्या घटनादुरुस्तीने आणीबाणीतही कलम २० आणि २१ स्थगित करता येणार नाहीत अशी सोय झाली. कलम २१ ला सगळ्यांत भक्कम कुलूप न्यायालयाने लावलेलं नाही, संसदेने लावलं आहे, आणि ते मतदारांनी लावून घेतलं आहे.

---

शिरीषफूल

जुनाजाणता काका, शेवटच्या परिच्छेदासाठी +१००. हा क्रम एका ओळीत कधी लावून पाहिला नव्हता.

---

पदपथ

मी वस्त्यांमध्ये कागदपत्रांचं काम करते. कायद्याचं शिक्षण नाही, पण तारखेचा मुद्दा रोज समोर असतो म्हणून लिहिते.

पात्रता ठरते परिशिष्ट-२ मध्ये, म्हणजे पात्र झोपडीधारकांच्या सरकारी यादीत. त्यात नाव यायला जुना मतदार यादीतला उतारा, वीजबिल, फोटोपास असं काहीतरी लागतं. हे कागद कुणाच्या नावावर असतात? घरातल्या पुरुषाच्या. नवऱ्याने टाकलेली बाई त्याच झोपडीत वर्षानुवर्षं राहिलेली असते, पण कागद सांगतो की तिथे तो राहतो. भाड्याने राहणारा तर यादीत कुठेच नसतो. पात्र ठरतो तो मालक, जो कधीच दुसरीकडे गेलेला असतो. एका कार्यालयात मी अशा बाईला घेऊन गेले होते. समोरच्या माणसाने कागद चाळले आणि म्हणाला, "ताई, या इथे राहतच नाहीत." ती बाई त्याच्यासमोर उभी होती. शेजाऱ्यांचे जबाब, मुलांचे शाळेचे दाखले, दवाखान्याचे केसपेपर असं जमवत आम्ही अपील केलं.

सह्यवारा म्हणतात की हे मतांसाठी चालतं. चालतं, खरं आहे. पण आमच्या बायकांकडे मताशिवाय दुसरं काय आहे हो? वकिलाची फी नाही, वर्तमानपत्रात ओळख नाही. मत मागायला येणाऱ्याला त्या विचारतात, आमच्या गल्लीत पाणी कधी, आमचं नाव यादीत कधी. मला त्यात लाज वाटण्यासारखं काही दिसत नाही. घटनेने न्यायालयात जायचा हक्क दिला तसा मताचाही दिला आहे.

---

सह्यवारा

पदपथ ताई, भाडेकरूचा मुद्दा मी असा कधी पाहिला नव्हता. मालक पात्र आणि राहणारा अपात्र, म्हणजे ज्या कारणासाठी योजना आहे तेच उलटं झालं. माझा मूळ आक्षेप कायम आहे, पण हे बदललंच पाहिजे.

एक प्रश्न. नोव्हेंबर २०२४ मध्ये बुलडोझर कारवाईवर निकाल आला ना? त्याने काही फरक पडतो का?

---

काळाकोट

पडतो, पण इथल्या माणसांना फार नाही.

१३ नोव्हेंबर २०२४ चा तो निकाल न्या. भूषण गवई (आपल्या अमरावतीचे) आणि न्या. विश्वनाथन यांचा. कुणावर गुन्ह्याचा नुसता आरोप आहे, किंवा गुन्हा सिद्धही झाला आहे, म्हणून त्याचं घर पाडता येणार नाही. शिक्षा ठरवायचं काम प्रशासनाचं नाही. पाडण्याआधी किमान पंधरा दिवसांची नोटीस, म्हणणं ऐकणं, कारणांसह लेखी आदेश, कारवाईचं चित्रीकरण, आणि नियम मोडले तर अधिकाऱ्याकडून वैयक्तिक वसुली. निवाऱ्याचा हक्क कलम २१ चा भाग आहे हेही त्यात आहे.

पण त्यातच स्पष्ट म्हटलंय की रस्ता, फुटपाथ, रेल्वेमार्गालगतची जागा, नदी किंवा जलाशय अशा सार्वजनिक जागांवरच्या अनधिकृत बांधकामांना हे निर्देश लागू नाहीत. म्हणजे १९८५ मध्ये ज्यांच्यासाठी हा हक्क वाढवला गेला, ते याच्या बाहेर राहिले. त्यांना आधार अजूनही ओल्गा टेलिसमधल्या नोटिशीच्या परिच्छेदाचाच.

निकाल खाली झिरपतो का, याचं एक आपल्याकडचं उदाहरण देतो. २०१२ मध्ये पालघरला फेसबुकवरच्या पोस्टवरून दोन तरुणींना अटक झाली. त्यातून माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६६-अ ला आव्हान दिलं गेलं आणि २४ मार्च २०१५ रोजी ते कलमच रद्द झालं. तरीही देशभर त्याच रद्द कलमाखाली गुन्हे नोंदवले जात राहिले. २०२१ मध्ये ही बाब पुन्हा न्यायालयासमोर आली आणि ऑक्टोबर २०२२ मध्ये सांगावं लागलं की या कलमाखाली कुणावरही खटला चालवू नका. सात वर्षं! निकाल दिल्लीत लागतो, पण हक्क पाळला जातो की नाही ते ठाणेदाराच्या टेबलावर ठरतं.

---

मुक्ता_वाचते

उपजीविकेचाच अजून एक महाराष्ट्रातला धागा यात जोडते, कारण त्याचा आकार ओल्गा टेलिससारखाच आहे.

२००५ मध्ये राज्याने डान्सबारवर बंदी घातली. मोठ्या तारांकित हॉटेलांना मात्र सूट. २००६ मध्ये उच्च न्यायालयाने बंदी रद्द केली. जुलै २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल कायम केला: तोच नाच महागड्या हॉटेलात चालतो आणि स्वस्त बारमध्ये अश्लील ठरतो, हा भेदभाव समर्थनीय नाही, शिवाय बंदीमुळे या बायकांचं रोजगाराचं साधन गेलं आणि हा उपाय रोगाहून वाईट ठरला. २०१४ मध्ये विधिमंडळाने पुन्हा बंदी आणली, या वेळी सगळ्यांनाच. २०१५ मध्ये तिला स्थगिती. २०१६ मध्ये परवान्यांच्या कठोर अटी घालणारा नवा कायदा. जानेवारी २०१९ मध्ये त्यातल्या अनेक अटी रद्द.

कागदावर या बायका दर वेळी जिंकल्या. या चौदा वर्षांत हजारोंचं काम गेलं ते गेलंच. विधिमंडळात त्या बंदीला सर्वपक्षीय पाठिंबा होता, कारण या बायकांच्या बाजूने बोलण्यात कुठल्याच पक्षाला मतं दिसत नव्हती. पदपथ ताईंच्या वस्तीकडे निदान मतांची संख्या आहे. जिच्याकडे तीही नाही, तिने काय करायचं? मूलभूत हक्क खरं तर तिच्यासाठीच आहेत. बहुमत ज्यांच्या बाजूने आहे त्यांना हक्कांची फारशी गरज पडत नाही.

---

शिरीषफूल

मग न्यायालयाने थेट घर द्या असा आदेश का देऊ नये? प्रामाणिक प्रश्न आहे.

---

जुनाजाणता

कारण न्यायालयाकडे तिजोरी नाही आणि जमीनही नाही. आदेश दिला आणि पाळला गेला नाही, तर पुढच्या आदेशाचंही वजन जातं.

दक्षिण आफ्रिकेच्या घटनेत घराचा हक्क कलम २६ मध्ये थेट लिहिलेला आहे. तिथल्या घटनात्मक न्यायालयाने २००० मध्ये ग्रूटबूम प्रकरणात निकाल दिला: सरकारचं धोरण अवाजवी आहे, कारण त्यात ज्यांना आज रात्री डोक्यावर छप्पर नाही त्यांच्यासाठी काहीच नाही. निकाल जगभर गाजला. ज्या बाईंच्या नावाने तो ओळखला जातो, त्या २००८ मध्ये वारल्या तेव्हाही झोपडीतच राहत होत्या. म्हणजे हक्क घटनेत स्पष्ट लिहिला तरी हाच पेच उरतो.

पण त्यांनी पुढे एक चांगली वाट काढली. २००८ च्या जोहान्सबर्गच्या एका खटल्यात न्यायालयाने महापालिकेला सांगितलं की आधी या रहिवाशांशी बसून खरीखुरी बोलणी करा आणि काय ठरलं ते आम्हाला कळवा. तिथे तडजोड झाली, पर्यायी जागा ठरली. घर न्यायालयाने दिलं नाही, पण पालिकेला माणसांसमोर बसायला लावलं. आपल्याकडे १९८५ मध्ये नोटीस आणि सुनावणी आली. सुनावणी म्हणजे आपलं म्हणणं मांडून यायचं. समोरासमोर बसून काय करता येईल ते ठरवणं, हे आपल्या कायद्यात अजून नीट रुजलेलं नाही.

---

रानवाट

काका, हा मुद्दा मला फार मोलाचा वाटतो. माझ्या मूळ लेखात मी सगळं 'तत्त्व न्यायालयाचं, तारीख राजकारणाची' असं मांडलं होतं. तारीख ठरवताना ज्यांच्याबद्दल ती ठरते ते लोक खोलीत नसतात, हा खरा दोष आहे.

फेरीवाल्यांच्या बाबतीत थोडा प्रयत्न झालेला दिसतो. त्यांची मुंबईतली लढाईही याच सुमारास, १९८५ च्याच आसपास सुरू झाली. २०१३ मध्ये महाराष्ट्र एकता हॉकर्स युनियनच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने निर्देश दिले आणि २०१४ मध्ये संसदेने पथविक्रेता कायदा केला. त्यात नगर पथविक्रेता समिती आहे, आणि समितीत किमान ४० टक्के सदस्य फेरीवाल्यांनी स्वतः निवडून दिलेले हवेत, त्यातल्या एक तृतीयांश महिला. अंमलबजावणी रखडलेली आहे, भांडणं आहेत. तरी ज्याच्याबद्दल निर्णय घ्यायचा त्याला निर्णयाच्या टेबलावर खुर्ची कायद्याने दिली आहे. झोपडपट्टी कायद्यात अशी खुर्ची का नसावी? पात्रतेच्या यादीवर वस्तीतल्या लोकांची, त्यातही बायकांची आणि भाडेकरूंची निवडून आलेली समिती का नसावी? येत्या निवडणुकीत उमेदवार दारात आला की मी हाच प्रश्न विचारणार आहे.

---

नवीपालवी

नमस्कार, इथे पहिलाच प्रतिसाद. आमच्या ओळखीतल्या एका कुटुंबाला घर रिकामं करण्याची नोटीस आली आहे, मुदत फार थोडी आहे. थेट सर्वोच्च न्यायालयात जाता येतं का? वकील परवडण्यासारखी परिस्थिती नाही.

---

काळाकोट

कलम ३२ नुसार थेट जाता येतं, आणि बाबासाहेबांनी त्या कलमाला घटनेचा आत्मा म्हटलं होतं. पण व्यवहारात आधी कलम २२६ खाली उच्च न्यायालयातच जावं. सर्वोच्च न्यायालयही बहुधा तिकडेच पाठवतं. शिवाय २२६ ची व्याप्ती मोठी आहे, मूलभूत हक्कांपलीकडच्या कायदेशीर हक्कांसाठीही ते चालतं.

त्याआधी आजच्या आज हे करा. नोटीस कुठल्या कायद्याच्या कुठल्या कलमाखाली आहे, सही कुणाची आहे, अपिलाची सोय लिहिली आहे का, ते पाहा. अपिलाची सोय असेल तर ते आधी करा, नाहीतर उच्च न्यायालयात पहिला प्रश्न तोच येईल. नोटिशीला लेखी उत्तर द्या आणि पोच घ्या. सुनावणी हवी आहे हे उत्तरात स्पष्ट लिहा. राहत्या जागेचे जे काही पुरावे असतील, पदपथ ताईंनी सांगितलेल्या शाळेच्या दाखल्यांपासून केसपेपरपर्यंत, त्यांच्या प्रती काढून एक संच शेजाऱ्याकडे ठेवा.

वकिलासाठी तालुका विधी सेवा समितीकडे किंवा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा, ही कार्यालयं न्यायालयाच्या आवारातच असतात. विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ च्या कलम १२ नुसार महिला, मुलं, अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्ती, दिव्यांग, औद्योगिक कामगार आणि कोठडीत असलेल्यांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. बाकीच्यांना उत्पन्नाची मर्यादा आहे. कुटुंबातल्या बाईच्या नावाने अर्ज करा, काम सोपं होईल. १५१०० हा मदत क्रमांक आहे. मुदत किती उरली आहे आणि नोटिशीवर कुठलं कलम आहे ते मला व्यक्तिगत निरोपात कळवा, नावं आणि पत्ता इथे उघड टाकू नका.